मेलबर्नच्या मराठी मंडळींना खुलं पत्र: तो हुर्यो माझाही होता

स.न.वि.वि.

गेल्या महिन्यात आपल्या बैठकीत हिशेब मंजूर झाले आणि चहा यायचा होता, तेवढ्या वेळात मुलांना फूटीच्या, म्हणजे ऑस्ट्रेलियन फुटबॉलच्या, सामन्याला न्यायचा विषय निघाला. मे महिन्यातली एक तारीख सगळ्यांना सोयीची होती. तेवढ्यात कोणीतरी म्हणालं, "तो आदिवासी राउंड ना? त्यात नाच, भाषणं, सगळं राजकारण. त्यापेक्षा पुढच्या आठवड्यात साधी मॅच बघू की." आदिवासी राउंड म्हणजे आदिवासी खेळाडूंचा आणि संस्कृतीचा मान करणारी लीगची फेरी. माना डोलल्या, तारीख बदलली. माझं बिस्कीट चहात तुटलं होतं आणि मी ते चमच्याने काढत बसलो होतो. बोलायला हवं होतं ते बोललो नाही. म्हणून हे पत्र. उघड लिहितोय, कारण सांगायचंय ते पाच-सात कार्यकर्त्यांपुरतं नाही.

आधी माझी कबुली.

२०१५ च्या हिवाळ्यात ऑफिसातल्या चौघांबरोबर मी इथल्या एका मैदानावर सिडनी स्वान्सचा सामना बघायला गेलो होतो. या देशात येऊन तेव्हा मला सहा वर्षं झाली होती. फूटीतलं कळायचं ते एवढंच, की मधल्या दोन उंच खांबांतून लाथेने चेंडू गेला की सहा गुण आणि बाजूच्या आखूड खांबाच्या आतून गेला की एक. गळ्यात उसना मफलर, हातात सारण भरलेला गरम 'पाय' (pie), आणि त्यावरचा टोमॅटो सॉस मनगटापर्यंत ओघळलेला. स्वान्सच्या ३७ नंबरच्या खेळाडूकडे चेंडू आला की एक आवाज उठायचा. आरडाओरडा नव्हे. छातीतून काढलेला, खर्जातला, हजारो माणसांचा 'बूऽऽ'. चेंडू त्याच्या हातून सुटला की आवाज बंद, नळ पिरगाळावा तसा. पुन्हा चेंडू, पुन्हा आवाज. मैदानावर छत्तीस खेळाडू होते. आवाज एकासाठीच.

पहिल्या क्वार्टरला मी गप्प होतो. दुसऱ्यात शेजारच्याने हसत कोपर मारलं आणि मीही हुर्यो उडवला. खोटं कशाला बोलू, बरं वाटलं. ऑफिसच्या पार्ट्यांत इतकी वर्षं मी कडेला उभा असायचो, त्यांचा विनोद मला कळेपर्यंत पुढचा सुरू झालेला असायचा. इथे मी सगळ्यांबरोबर एका सुरात होतो. कोणी 'पार्डन?' म्हणत नव्हतं. बूऽऽ ला उच्चार नसतो.

त्या ३७ नंबरच्या माणसाचं नाव ॲडम गुड्स. तो कोण आहे हे मी घरी येऊन शोधलं असतं तरी खूप झालं असतं. शोधलं चार वर्षांनी.

गुड्सचा जन्म १९८० चा, दक्षिण ऑस्ट्रेलियातल्या वॉलरूचा. वडील गोरे, आई अद्न्यामथान्हा आणि नारंगा लोकांमधली. आई पाच वर्षांची असताना सरकारी धोरणाखाली तिला घरातून उचलून नेलं होतं. अशा मुलांच्या पिढ्यांना इथे 'चोरलेल्या पिढ्या' म्हणतात, आणि हा शब्द अलंकारिक नाही. आईवडील विभक्त झाल्यावर गुड्स आईबरोबर गावं बदलत वाढला. आधी तो सॉकर खेळायचा. व्हिक्टोरियातल्या मर्बिनला गेले तिथे सॉकर नव्हतं, म्हणून फूटी हाती धरली. पुढे हॉर्शमला आले, तिथून बॅलरॅटच्या ज्युनियर संघात, आणि १९९७ च्या ड्राफ्टमध्ये, म्हणजे क्लब आळीपाळीने नवे खेळाडू निवडतात त्यात, सिडनीने त्याला घेतलं ते त्रेचाळिसाव्या क्रमांकावर. म्हणजे त्याच्या आधी बेचाळीस पोरं लोकांना जास्त बरी वाटली होती.

त्यानंतर जे झालं ते आपल्या क्रिकेटच्या भाषेत सांगायला जावं तर पंचाईत होते. १९९९ साली पदार्पण आणि त्याच वर्षी सर्वोत्तम नवोदित खेळाडू. २००३ आणि २००६ साली ब्राउनलो मेडल. हे पदक पंचांच्या मतांवर ठरतं आणि या खेळात त्याहून मोठा वैयक्तिक मान नाही. २००५ च्या विजेत्या संघात तो होता. सिडनीचं ते बहात्तर वर्षांतलं पहिलं विजेतेपद, फरक चार गुणांचा. उंची सहा फूट तीन इंच. रकमध्ये, म्हणजे पंचाने उडवलेल्या चेंडूवर उडी मारायला, सहसा याहूनही उंच माणसं उभी करतात, आणि बाकी वेळ ती धापा टाकत असतात. हा उडी मारून खाली यायचा आणि चेंडूच्या मागे बुटक्यांच्या वेगाने पळायचा. २०१२ च्या अंतिम सामन्यात दुसऱ्या क्वार्टरलाच त्याच्या गुडघ्याचा अस्थिबंध गेला. बाहेर बसला नाही. लंगडत शेवटच्या क्वार्टरमध्ये गोल मारला आणि सिडनी दहा गुणांनी जिंकलं. एकूण ३७२ सामने, ४६४ गोल. मी ज्याचा हुर्यो उडवला तो हा माणूस.

आता ते हुर्यो प्रकरण सुरू कुठे झालं ते बघा.

२४ मे २०१३, एमसीजी म्हणजे मेलबर्न क्रिकेट ग्राउंड, त्या वर्षीच्या आदिवासी राउंडचा पहिलाच सामना, कॉलिंगवूड क्लबविरुद्ध. सीमेलगतच्या रांगेतून एक आवाज आला: 'एप'. वानर. गुड्सने वळून बघितलं, बोट दाखवलं आणि सुरक्षारक्षकांना सांगितलं. तेरा वर्षांची मुलगी निघाली. तिला बाहेर नेलं. दुसऱ्या दिवशी पत्रकारांसमोर तो काय म्हणाला हे फार थोड्यांच्या लक्षात राहिलं. दोष त्या मुलीचा नाही, तिला धारेवर धरू नका, तिला आधार द्या, असं तो म्हणाला. मुलीने फोन करून माफी मागितली आणि त्याने ती स्वीकारली. त्याच आठवड्यात कॉलिंगवूडचे अध्यक्ष एडी मॅग्वायर रेडिओवर बोलता बोलता म्हणाले, 'किंग काँग'च्या नाटकाच्या जाहिरातीला गुड्सलाच बोलवा की. मग त्यांनीही माफी मागितली. पण लोकांच्या डोक्यात राहिलं ते एवढंच, की या माणसाने एका पोरीला स्टेडियमबाहेर काढायला लावलं.

जानेवारी २०१४ मध्ये तो 'ऑस्ट्रेलियन ऑफ द इयर' झाला. वंशभेदावर बोलू लागला, तेही शांतपणे. तेवढंही बऱ्याच जणांना खुपलं.

मग २९ मे २०१५. पुन्हा आदिवासी राउंड, सिडनीचं मैदान, समोर कार्लटन. गुड्सने गोल मारला आणि प्रेक्षकांकडे तोंड करून काही सेकंद युद्धनृत्य केलं. शेवटी हवेत एक नसलेला भाला फेकला. ते नृत्य त्याने आदिवासी मुलांच्या सोळा वर्षांखालच्या संघाकडून शिकलेलं. रग्बीत न्यूझीलंडचा संघ 'हाका' हे माओरी युद्धनृत्य करतो तेव्हा हेच प्रेक्षक अंगावर काटा आला म्हणून सांगतात. इथे मात्र चर्चा अशी झाली जणू खरा भाला फेकून कोणाचा डोळा फोडला.

त्यानंतर गाव कोणतंही असो, चेंडू त्याच्याकडे गेला की तोच आवाज. २६ जुलैला पर्थमध्ये तर इतका, की त्याचा आदिवासी सहकारी लुइस जेट्टा याने गोल मारल्यावर स्वतः ते नृत्य करून त्याची बाजू घेतली. पुढच्या आठवड्यात गुड्स खेळलाच नाही. त्याने सुट्टी घेतली. तो नसलेल्या त्या सामन्यात, १ ऑगस्टला, सिडनीच्या मैदानावर तिसऱ्या क्वार्टरच्या सातव्या मिनिटाला लोक उभे राहिले आणि टाळ्या वाजवत राहिले. तिसरा क्वार्टर, सातवं मिनिट: ३७. तो परत आला, मोसम संपवला, आणि सप्टेंबरमध्ये बाद फेरीतला सामना हरल्यावर ड्रेसिंग रूममध्येच सहकाऱ्यांना सांगून निवृत्त झाला. अंतिम सामन्याच्या दिवशी निवृत्त खेळाडूंना गाडीतून मैदानाला फेरी मारायला नेतात. त्या फेरीला तो गेला नाही. लोकांचा हात हलवून निरोप घ्यायचा, आणि समोरून पुन्हा तोच आवाज आला तर?

आता आपली कारणं. ती मी त्या काळात आपल्याच घरांत, आपल्याच गणपतीच्या जेवणावळीत ऐकली आहेत, आणि काही स्वतः म्हटली आहेत. 'तो फ्री किकसाठी मुद्दाम पडतो.' असेल. मुद्दाम पडणारे त्या लीगमध्ये पैशाला पासरी होते. १९९९ पासून खेळणारा माणूस मुद्दाम पडतो हे लोकांना चौदा वर्षं दिसलं नाही, आणि त्याने तोंड उघडल्यावर एकदम दिसायला लागलं? 'रंगाचा संबंध नाही, माणूसच आखडू आहे.' हे वाक्य तर मला मराठीतून पाठ आहे. गावाकडे, कॉलेजात, नोकरीत ते ऐकलंय, फक्त रंगाच्या जागी जात घालायची. 'जातीचा प्रश्नच नाही हो, त्याची वागणूकच तशी.' ज्याला हे वाक्य ओळखीचं नाही असा मराठी माणूस मला भेटायचा आहे. मग इंग्रजीतून ऐकल्यावर आपल्याला ते कसं काय ओळखू आलं नाही?

एक गोष्ट मान्य करतो, कारण ती खरी आहे. हुर्यो उडवताना माझ्या मनात त्याचा रंग नव्हता. काहीच नव्हतं. मला फक्त त्या रांगेत बसलेल्यांपैकी एक व्हायचं होतं. पण मैदानाच्या मध्यावर उभ्या असलेल्या माणसाला त्या हजारो आवाजांतून माझा निष्पाप आवाज वेगळा निवडता येणार होता का? त्याच्यापर्यंत एकच आवाज पोचत होता, आणि त्यात माझी भर होती. या देशात आपलं म्हणून घेतलं जाण्याची जी फी असते, ती मी त्या दिवशी भरली. फक्त पैसे त्याच्या खिशातून गेले.

मग आला जानेवारी २०२१. सिडनी कसोटी. सीमारेषेवर उभ्या सिराजला आणि बुमराला प्रेक्षकांतून शिव्या आल्या. सिराजने पंचांना सांगितलं, खेळ थांबला, सहा जणांना स्टँडमधून बाहेर नेलं. पुढे ते सहा जण दोषी नाहीत असं निघालं, पण शिवीगाळ झाली होती हे चौकशीत मान्य झालं. पंचांनी मैदान सोडायचा पर्याय दिला होता आणि कर्णधार अजिंक्य रहाणेने खेळायचं ठरवलं, हे सिराजने नंतर सांगितलं. त्या दोन दिवसांत आपले फोन किती वाजले आठवतंय? कोणी सरकारला पत्र लिहायला निघालं, कोणी परत जायच्या गोष्टी करायला लागलं. मीही दोन लांबलचक निरोप पाठवले. राग खरा होता. सिराजने नेमकं काय केलं होतं? सीमेजवळ शिवी ऐकली, वळला, बोट दाखवलं, अधिकाऱ्याला सांगितलं. आठ वर्षांपूर्वी गुड्सने केलं तेच. एकाला आपण धीराचा म्हटलं आणि दुसऱ्याला आखडू.

त्याच दौऱ्यातली आधीची गोष्ट. ॲडलेडला ३६ धावांत सर्वबाद झाल्यावर मेलबर्नला रहाणेने ११२ केल्या आणि आपण आठ गडी राखून जिंकलो. आपल्यातले बरेच जण त्या दिवशी स्टँडमध्ये होतो. सामनावीराला त्या वर्षीपासून नवं पदक द्यायला सुरुवात झाली होती, मुल्ला मेडल, आणि ते पहिल्यांदा गळ्यात पडलं ते आपल्या रहाणेच्या. मी फोटो काढत होतो. शेजारच्याला विचारलं, मुल्ला कोण? तो म्हणाला, कोणी मौलवी असेल. आम्ही दोघं हसलो.

जॉनी मुल्ला. मूळ नाव उनारिमिन. ऑस्ट्रेलियाचा पहिला संघ इंग्लंडला खेळायला गेला तो १८६८ साली, म्हणजे पहिल्या कसोटीच्या नऊ वर्षं आधी, आणि त्यातले खेळाडू आदिवासी होते. मुल्ला त्यांच्यातला सर्वांत मोठा खेळाडू. त्या एका दौऱ्यात १६९८ धावा आणि २४५ बळी. रहाणेच्या गळ्यात जे होतं ते त्या संघाच्या कंबरपट्ट्याच्या बकलची प्रतिकृती. मुल्लाबद्दल सांगतात, की एकदा मुक्कामाला त्याला तबेल्याशेजारची खोली दाखवली तेव्हा तो बाहेर उघड्यावर झोपला. हे वाचलं तेव्हा मला पुण्याचा जिमखाना आठवला आणि अस्पृश्य मानल्या गेलेल्या जातीतले गोलंदाज पळवणकर बाळू आठवले. बाळूंनी १९११ च्या इंग्लंड दौऱ्यात ११४ बळी घेतले, आणि ज्या संघासाठी ते गोलंदाजी करायचे, त्याच संघात त्यांना चहा मिळायचा तो पॅव्हेलियनच्या बाहेर, वेगळ्या मातीच्या भांड्यात. चेंडू मात्र सगळ्यांना चालायचा.

आणि ज्या राउंडला आपण 'साधी मॅच नाही' म्हणून टाळलं, त्याला नाव आहे सर डग निकोल्स यांचं. हा माणूस १९२७ साली कार्लटनकडे खेळायला गेला. सहकाऱ्यांनी त्याच्या अंगाला वास येतो म्हणून तक्रार केली आणि मालिश करणाऱ्याने त्याला हात लावायला नकार दिला. इंग्रजी पुस्तकांत याचं वर्णन करायला चार-पाच वाक्यं खर्चावी लागतात. आपल्याकडे एक शब्द आहे, विटाळ. निकोल्स नंतर फिट्झरॉयकडून खेळले, व्हिक्टोरियाकडून खेळले, पाद्री झाले, आणि १९७६ साली दक्षिण ऑस्ट्रेलियाचे राज्यपाल झाले. हा इतिहास समजायला आपल्याइतका तयार प्रेक्षक मेलबर्नमध्ये दुसरा नसेल, आणि आपण तारीख बदलून मोकळे.

गुड्सकडे परत येतो. लीगच्या प्रमुखांनी २०१६ मध्ये, उशिरा हललो म्हणून माफी मागितली. २०१९ मध्ये लीगने आणि अठराही क्लबांनी मिळून मागितली, आणि तेव्हा वंशभेद हा शब्द स्पष्ट वापरला. २०२१ साली हॉल ऑफ फेममध्ये, म्हणजे खेळातल्या थोरांच्या मानाच्या यादीत, त्याचं नाव निघालं तेव्हा त्याने ते नाकारलं. आपल्यातले एक ज्येष्ठ त्यावर म्हणाले होते, 'माफी मागितली ना? मग आता हा ताठा कशाला?' काका, तुमच्याबद्दल आदर ठेवून सांगतो, माफी मागितली म्हणजे समोरच्याने हार गळ्यात घालून घ्यायलाच हवा असं कुठे आहे? त्याने त्याआधीच, २००९ साली, आपला सहकारी आणि नातलग मायकेल ओ'लॉफ्लिन याच्याबरोबर संस्था काढली होती, आदिवासी मुलांना शिष्यवृत्त्या देणारी. ते काम तो करत राहिला. मैदानाशी त्याचं देणंघेणं संपलं होतं. आपलं संपलं की नाही, ते आपण बघायचं.

तेव्हा मागणं दोनच गोष्टींचं.

एक, मुलांच्या सामन्याची तारीख पूर्वीचीच ठेवा. आपली निम्मी पोरं शनिवारी ऑस्किकला, म्हणजे मुलांच्या फूटीच्या वर्गाला जातात, मार्क (लाथेने आलेला चेंडू झेलणं) कसा घ्यायचा हे ती आपल्यालाच शिकवतात. नाच बघून ती बिघडणार नाहीत. सामन्यात आपल्या रांगेत कोणी काही बोललं तर तक्रारीचा एसएमएस क्रमांक स्टेडियममध्ये लावलेला असतो. तो मोठ्यांनी आधीच फोनमध्ये घालून ठेवावा. ऐन वेळी चष्मा सापडत नाही.

दोन, ईस्टरची ग्रॅम्पियन्सच्या डोंगरातली सहल. दर वर्षी आपण तेच दोन धबधबे बघतो, तेच फोटो काढतो, आणि अंताक्षरीत 'ठ' आला की भांडतो. या वेळी एक दिवस हॅरोला काढू. तिथल्या हॉल्स गॅप गावाहून तासा-दीड तासाचा रस्ता आहे. मुल्ला हॅरोचाच. त्याची कबर तिथे आहे, छोटं संग्रहालय आहे. जाता-येता वाट थोडी वाकडी करून हॉर्शमही बघता येईल, जिथे गुड्स शाळकरी वयात फूटी खेळायचा. बघण्यासारखं म्हणाल तर हॉर्शमला फार काही नाही. सपाट गाव, गव्हाची शेतं. पण मला बघायचंय.

बसवाल्याशी मी बोललो आहे. एका दिवसाचे जास्तीचे पैसे पडतील, ते अवाच्या सव्वा नाहीत. हॅरो अगदी लहान खेडं आहे, चाळीस माणसांचं शाकाहारी जेवण तिथे मिळेल या भरवशावर राहू नका. दशम्या आणि चटणी घरून न्यावी लागेल. दशम्यांचं माझ्याकडे.

आपला,
मंडळाचा एक जुना सभासद